सव्वीस कुराणं आणि एक खडा जबर

गेल्या आठवड्यात भाचीचा फोन. अकरावीत आहे. "मामू, आपलं कुराण 1924 साली इजिप्तच्या सरकारने ठरवलं म्हणे. खरंय?" वर्गाच्या ग्रुपवर कुणीतरी टाकलेला मजकूर तिने पाठवला. माझ्याकडे तो तिसऱ्यांदा आला होता. आधीचे दोन मी न वाचताच पुसले होते. आता पोरींपर्यंत पोचलाय म्हटल्यावर बसून उत्तर लिहिणं आलं.

मजकूर थोडक्यात असा: जगात आज 26 वेगवेगळी कुराणं आहेत. सध्याचं 1924 साली कैरोत तयार झालं. मुसलमानांपासून हे लपवून ठेवतात. आणि अर्थ लावायलाच बंदी असल्यामुळे कुणी विचारत नाही. शेवटी हात जोडलेले तीन इमोजी.

1924 आधी उरकतो. त्या वर्षी राजा फुआदच्या काळात कैरोत कुराणाची एक छापील आवृत्ती निघाली, हे बरोबर. शाळांत वापरायच्या प्रतींत छपाईच्या चुका होत्या, लेखनपद्धतीत फरक होते, म्हणून जाणकारांच्या समितीने एक प्रमाण प्रत काढली. ती पुढे अरब जगात पसरली. यावरून "तयार झालं"? अहो, लखनौला मुन्शी नवलकिशोर यांचा छापखाना 1858 सालचा. मालक हिंदू. तिथून एकोणिसाव्या शतकातच कुराणाच्या प्रती निघून गावोगाव जात होत्या, आणि पाठ हाच, हफ्स नावाच्या पठणकाराच्या परंपरेचा. आमच्या घरी रेहालवर जी प्रत आहे ती आजही कैरोच्या लेखनपद्धतीची नाही, हिंदुस्तानी पद्धतीची आहे. म्हणजे ज्या प्रतीवरून आमचं कुराण "तयार झालं", तिची अक्षरं लिहायची रीतसुद्धा आम्ही उचललेली नाही!

आता 26. इथे जरा थांबावं लागेल, कारण भाचीला खरं कोडं इथेच पडलं होतं. तिला फोनवर म्हटलं, कुराण उघड, पहिलंच पान, सूरा फातिहा. 'मालिकि यौमिद्दीन' काढ. 'मीम'वर काय दिसतंय? "खडा जबर." तो खडा जबर म्हणजेच 'मा'मधला काना. तो काढला की 'मलिकि' उरतं. मालिक म्हणजे धनी, मलिक म्हणजे राजा: न्यायाच्या दिवसाचा धनी किंवा न्यायाच्या दिवसाचा राजा. खलिफा उस्मान यांच्या काळात, सन 650 च्या सुमारास, ज्या प्रती शहरोशहरी पाठवल्या गेल्या त्यांत ना नुक्ते (अक्षरांचे ठिपके) होते, ना जबर-जेर (अ-इ दाखवणाऱ्या खुणा). मीम, लाम, काफ एवढी तीन अक्षरं. दोन्ही वाचनं त्यात बसतात, आणि दोन्ही उस्तादाच्या तोंडून शागिर्दाच्या कानात, पिढ्यान्‌पिढ्या आलेली आहेत. यांना किरात म्हणतात.

मी स्वतः हे पहिल्यांदा पुण्यात ऐकलं. कॉलेजात असताना आमच्या खोल्यांच्या गच्चीवर एक सुदानी विद्यार्थी मगरिबची नमाज पढवायला उभा राहिला आणि सरळ 'मलिकि' म्हणाला. मला वाटलं, चुकला. नमाज संपून सलाम फिरवल्यावर मी मोठ्या शहाणपणाने त्याला सांगायला गेलो. तो हसला. त्याच्या गावी दूरीची रिवायत चालते, म्हणजे दूरी या रावीने (पाठ पुढे पोचवणाऱ्याने) दिलेलं वाचन. मोरोक्को-अल्जीरियात वर्शची, लिबियात कालूनची. आमची हफ्सची. कान माझे पुन्हा जाग्यावर आले.

मराठी माणसाला हे समजायला जड जाऊ नये. माध्यंदिन शाखेचे यजुर्वेदी पुरुषसूक्त म्हणताना 'ष'चा 'ख' करतात, 'सहस्रशीर्खा' म्हणतात. शेजारचा ऋग्वेदी म्हणत नाही. म्हणून कुणी वेद दोन झाले असा मेसेज फिरवतं का?

आणि "लपवून ठेवतात" हे वाचून तर डोक्याला हात लावला. बगदादच्या इब्न मुजाहिद या विद्वानाने सात इमामांच्या (इथे इमाम म्हणजे वाचनाचे आचार्य) वाचनांतले फरक आयतीगणिक मांडणारा ग्रंथ लिहिला. तो वारला 936 साली. म्हणजे ज्ञानेश्वरीच्याही साडेतीनशे वर्षं आधी हे "गुपित" पुस्तकात होतं! पुढे इब्न अल-जझरीने त्यात तीन इमाम घालून दहा केले. आजचं बोलायचं तर मदिनेतला सरकारी छापखाना हफ्सबरोबर वर्श, कालून आणि दूरीच्याही प्रती छापतो. इजिप्तचे कारी (कुराण-पठणकार) अल-हुसरी यांनी या चारही रिवायतींतलं पठण ध्वनिमुद्रित करून ठेवलंय. लपवायचा हा प्रकार अजबच म्हणायचा.

बरं, एवढं कबूल करतो की सगळं गुळगुळीत नाही. येमेनमधल्या सना शहराच्या मोठ्या मशिदीत 1972 साली जुनी चर्मपत्रं सापडली. त्यांतल्या एका प्रतीत खोडलेला खालचा मजकूर आहे, आणि त्यातले काही शब्द आजच्या पाठाहून खरोखर वेगळे आहेत. इब्न मुजाहिदच्याच काळात इब्न शनबूध नावाचा कारी खलिफा उस्मान यांच्या प्रतींतल्या अक्षरांत न बसणारी वाचनं पढायचा. त्याला 935 मध्ये वजिरापुढे उभं करून फटके दिले आणि माघार लिहून घेतली. आमचे काही मौलवीसाहेब "एका जेरचाही फरक नाही" असं ठोकून देतात, ते म्हणूनच मला पटत नाही. असल्या वाक्यांनीच फॉरवर्डवाल्यांना आयतं कोलीत मिळतं.

एका जेरने फरक पडतो का, हे बघायचं तर वुजूची (नमाजआधी हातपाय धुण्याची) आयत घ्या, सूरा मायदा, सहावी. 'अर्जुलकुम' वाचलं तर पाय धुवा, 'अर्जुलिकुम' वाचलं तर पायांवर ओला हात फिरवा, असा अर्थ निघू शकतो. दहा किरातींत दोन्ही वाचनं आहेत. सुन्नी पाय धुतात, शिया मसह करतात, म्हणजे ओला हात फिरवतात. पण गंमत पुढेच आहे. इराणात छापलेल्या प्रतीतही जबरच असतो, 'अर्जुलकुम', आणि तरी तिथे मसहच करतात. व्याकरणाने त्या शब्दाचा संबंध मागच्या 'डोक्यावर हात फिरवा'शी जोडतात. म्हणजे पाठ एकच, अर्थ दोन, आणि त्यावर हजार वर्षांचा वाद. अर्थ लावायला बंदी आहे म्हणे!

त्या बंदीबद्दल याहून जास्त लिहायचा कंटाळा आलाय. तबरी या जुन्या भाष्यकाराच्या तफसीरचे, म्हणजे कुराणावरच्या भाष्याचे, छापील तीस भाग आहेत. आयतीखाली कोण काय म्हणालं ते सगळं देऊन मग तो स्वतःचं मत सांगतो. दिल्लीच्या शाह वलीउल्लाहांनी अठराव्या शतकात फारसीत भाषांतर केलं. विनोबांनी अरबी शिकून कुराणाचं सार काढलं. हां, आमच्यापैकी बहुतेकांनी लहानपणी नुसता नाझरा (बघून वाचन) केला, अर्थ कुणी सांगितला नाही. ज्वाद या अक्षराचा उच्चार चुकला तर हाफिजजींची छडी, पण शब्दाचा अर्थ विचारला तर "आगे पढो". ती तक्रार माझीही आहे.

राहता राहिला आकडा. दहा इमाम, प्रत्येकाचे दोन रावी, झाले वीस. मान्यतेबाहेरचे चार धरून चौदा केले तरी 28. 26 कशातच बसत नाहीत. कुठून आणले ते मजकूर लिहिणाऱ्याने कळवावं, भाची विचारतेय. तिचा गणिताचा पेपर सोमवारी आहे.