ठकीची पिशवी

पहाटे पावणेसहाला आमच्या परसात तोंडात टॉर्च धरून कोणी कोंबडीचा गळा चाचपत असेल, तर तो चोर नव्हे. मी असतो. बँकेतून निवृत्त होऊन चिपळूणजवळच्या घरी राहायला आलो, सहा गावरान कोंबड्या पाळल्या, तेव्हा आपलं काम अंडी उचलण्यापुरतं असेल अशी माझी समजूत होती. ती टिकलीही बरेच दिवस. मग ठकीने पायपुसणं खाल्लं.

अख्खं नव्हे. मागच्या दाराशी काथ्याचं पायपुसणं असतं, त्याची कड उसवली होती. हिचा संशय उंदरावर. तिने पिंजऱ्यात कांदाभजी लावली, ती भजीही ठकीने चोच घालून ओढली, तरी आम्हाला उजेड पडला नाही. चौथ्या दिवशी ठकी पिसं फुलवून, मान आखडून कोपऱ्यात उभी. दाण्याकडे बघेना. गळ्याखाली, जरा उजव्या अंगाला, मोठ्या लिंबाएवढा गोळा.

गावात अशा वेळी सल्ल्याला तोटा नसतो. शेजारच्या काकी म्हणाल्या, "पायाला धरून उलटी टांगा नि झटका द्या, भसाभस बाहेर येतं." मेहुण्याने फोनवर हिंग सुचवला. त्याला लग्नाआधीपासून प्रत्येक गोष्टीवर हिंगच सुचतो. मी ठकीला डालग्यात घालून तालुक्याला जनावरांच्या डॉक्टरांकडे नेली.

"उलटी नाही ना धरलीत?" हा त्यांचा पहिला प्रश्न. "गळ्यातलं पाणी श्वासनळीत गेलं की कोंबडी हातातच जाते." मग त्यांनी मला कोंबडीचं पोट समजावलं. दात नाहीत, त्यामुळे खाल्लेलं आधी गळ्याखालच्या पिशवीत जमतं, भिजतं. तिथून पुढे सरकून पेठ्यात गेलं की गिळलेल्या खड्यांवर दळलं जातं. चाळीस वर्षं मी कलेजी-पेठा चाटूनपुसून खाल्ला, पण पेठा म्हणजे कोंबडीचं जातं, हे त्या दिवशी कळलं. "रात्री पिशवी भरलेली, सकाळी रिकामी, हा हिशोब," डॉक्टर म्हणाले. "सकाळी दाणे घालायच्या आधी हात लावून बघायचं. घट्ट गोळा लागला तर तुंबलंय. पाण्याच्या फुग्यासारखी लिबलिबली आणि तोंडाला आंबूस वास आला, तर आत बुरशी माजलीय." रात्रीची शिल्लक सकाळी शून्य! बँकेत एवढा चोख हिशोब मला कधी जमला नाही.

ठकीचा गोळा घट्ट होता. दाणे बंद, पाणी चालू, चोचीच्या कडेने तेलाचे चार-पाच थेंब अगदी हळू, आणि दिवसातून चार वेळा पिशवी हलक्या हाताने चोळायची. नाहीच सुटलं तर चिरून काढू, म्हणाले.

मी ओट्यावर मांडी घालून बसायचो, ठकी मांडीत. बोटांखाली तो गोळा लागायचा, ओल्या नारळाच्या शेंडीसारखा, आणि मधेच आत काहीतरी गुळगुळ वाजायचं. ठकी डोळे मिटून घ्यायची. हे बघून ही दारातून म्हणाली, "माझे गुडघे दुखतात तेव्हा हे हात कुठे असतात?" ह्याला उत्तर नव्हतं. मी चोळत राहिलो.

दुसऱ्या दिवशी गोळा पिठासारखा मऊ झाला. तिसऱ्या पहाटे हात लावला तर पिशवी सपाट! मी हिला उठवून सांगितलं. चूक झाली.

पण डॉक्टरांनी आठवडाभर शिट बघायला सांगितली होती. मी काडी घेऊन मागे मागे. घट्ट आणि वर पांढरी टोपी असली की उत्तम. पण पाचव्या दिवशी एक अशी दिसली की हातातली काडी गळाली: चॉकलेटी, चिकट, आणि वासाचं काय सांगू! श्रीखंडाच्या रिकाम्या डब्यात भरून तडक तालुका गाठला. डॉक्टरांनी झाकण उघडलं, लगेच लावलं. "काका, ही निरोगी कोंबडीचीच. आठ-दहा वेळा साधी झाली की एकदा अशी येते. रक्त दिसलं तर या. हिरवी पातळ दिसली तर धावत या, ती मानमोडी रोगाची असू शकते. हिच्यासाठी डबा नका आणू." तो डबा हिने अजून घरात घेतलेला नाही.

परवा पुण्याहून व्याही आले. पडवीत पोहे खात होते. ठकी समोरून गेली, तिने आपलं काम केलं, मी सवयीने उठून काडी घेऊन वाकलो. "वा! टोपी आहे!" असं तोंडातून निघून गेलं. मग खुलासा करणं भागच होतं. पिशवी, पेठा, काथ्या, चोळणं, सगळं सांगितलं. श्रीखंडाचा डबाही सांगितला. विहीणबाईंनी बशी खाली ठेवली. व्याह्यांचा चेहरा मात्र ऑडिटरचा असतो तसा, कोरा. ही मला डोळ्यांनी दटावत होती.

विहीणबाई हात धुवायला आत गेल्या. व्याह्यांनी खुर्ची माझ्याकडे सरकवली, आतल्या दाराकडे एकदा बघून घेतलं आणि हळू आवाजात विचारलं,

"तेलाचे किती थेंब म्हणालात?"