टिमवर अन्याय झाला खरा, पण…

लेख आवडला. ‘किस मी’ (२०११) या स्वीडिश सिनेमात मियाच्या होणाऱ्या नवऱ्याला, टिमला, उगाच फसवलं जातं आणि शेवट फार सोपा केलाय, असं तुम्ही म्हणता. टिमबद्दल शंभर टक्के सहमत. बिचारा वाईट वागत नाही, हीच तर अडचण! तो दारुडा किंवा संशयी दाखवला असता तर मियाचं काम सोपं झालं असतं आणि आपलंही.

मला मात्र खरी मजा नात्यांच्या गुंत्यात वाटली. मियाचा बाप साठाव्या वाढदिवसाला पार्टी देतो, तो एलिझाबेथशी लग्न करणार असतो, आणि मिया जिच्या प्रेमात पडते ती फ्रीडा ही एलिझाबेथचीच मुलगी. म्हणजे दोघी सावत्र बहिणी व्हायच्या बेतात! आपल्याकडे या एका मुद्द्यावर तीन तास रडारड झाली असती. इथे मिया नुसती नजर चुकवते. तेवढ्यावरूनच सगळं कळतं.

स्वीडनमध्ये १ मे २००९ पासून समलिंगी लग्न कायदेशीर आहे, म्हणजे सिनेमा आला तेव्हा कायदा आडवा नव्हताच. तरी मियाचा बाप बिथरतो. क्रिस्टर हेन्रिक्सनने तो राग फार संयमाने केलाय.

शेवट सोपा आहे, मान्य. पण अशा गोष्टीत एकीला मारायचं किंवा वेडं करायचं ही जुनी खोड. दिग्दर्शिका केइनिंगने ती टाळली, तर आपण का कुरकुरायचं? मी तर शेवटची दहा मिनिटं दोनदा पाहिली.