फ्रान्सचा कलेक्टर आणि ‘नावापुरती’ जिल्हा परिषद

फ्रान्सच्या जिल्हा कारभाराबद्दल एक मजकूर सध्या या ग्रुपवरून त्या ग्रुपवर फिरतो आहे. गोषवारा असा: ‘तिकडे जिल्हा परिषद असते, पण नावापुरती. खरा कारभार पॅरिसने नेमलेला कलेक्टर बघतो. २०१५ साली तर परिषदा मोडीतच काढल्या आणि दर मतदारसंघातून एक बाई, एक पुरुष अशी जोडी बसवली. त्यातली बाई सहीपुरती. अध्यक्ष हारतुऱ्यांचा धनी.’ शेवट अर्थातच ‘त्यापेक्षा आपलीच झेडपी बरी’ असा.

परिषदा लुळ्या आहेत, ही तक्रार फ्रान्समध्येही ऐकू येते. पण या मजकुराने दुखणं भलत्याच जागी दाखवलं आहे.

आधी मोडीत काढण्याचं बघू. एप्रिल २०१४ मध्ये पंतप्रधान मानुएल वाल्स यांनी या परिषदा २०२१ पर्यंत बंद करण्याचा इरादा जाहीर केला होता, हे खरं. तो तडीस गेला नाही. २०१५ मध्ये पाटी बदलली, ‘सर्वसाधारण परिषदे’ची ‘देपार्तमां परिषद’ झाली (देपार्तमां म्हणजे तिकडचा जिल्हा), आणि निवडणुकीची रीत बदलली. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये आलेल्या कायद्याने मात्र परिषदांना खरा फटका दिला. हवा तो विषय हाती घेण्याची त्यांची मुभा गेली आणि शाळेच्या बसगाड्या प्रांतांकडे गेल्या. पॅरिस, लियों महानगर, कॉर्सिका, आल्सास इथे परिषदेचं रूप वेगळं आहे, कारण तिथे तिचे अधिकार दुसऱ्या संस्थेत मिसळले किंवा दोन परिषदा एक झाल्या. बाकी बहुतेक ठिकाणी परिषद जागेवर आहे. २०२१ ची निवडणूक कोविडमुळे मार्चवरून जूनवर गेली, म्हणजे तीन महिने. आपल्याकडे २०२२ पासून कित्येक जिल्हा परिषदांवर प्रशासक बसले होते, तेव्हा ‘आपलीच बरी’ म्हणणाऱ्याने हा हिशेब जरा जपून मांडावा. तिथला कायदा सांगतो की एखाद्या परिषदेचं काम चालणं अशक्यच झालं, तर मंत्रिमंडळाने कारणं देऊन तेवढी एक बरखास्त करावी आणि दोन महिन्यांत निवडणूक घ्यावी. सरसकट सगळ्या परिषदा बरखास्त करायला कायद्याने स्पष्ट मनाई आहे.

आता जोडी. ‘कांतों’ नावाच्या प्रत्येक मतदारसंघातून एक स्त्री आणि एक पुरुष एकत्र उभे राहतात. मतदार दोघांना मिळून एकच मत देतो, मुदत सहा वर्षांची. जागा दुप्पट होऊ नयेत म्हणून कांतोंची संख्या जवळपास निम्म्यावर आणली. मोठ्या नोर देपार्तमांत ४१ कांतों म्हणजे ८२ सदस्य, डोंगराळ लोझेरमध्ये १३ कांतों म्हणजे २६. निवडून आल्यावर मात्र जोडी सुटते. दोघं स्वतंत्रपणे मत देतात, वेगळ्या गटात बसू शकतात. एकाने राजीनामा दिला तर दुसऱ्याचं पद शाबूत राहतं, कारण प्रत्येकाचा पर्यायी उमेदवार आधीच ठरलेला असतो आणि तोही त्याच लिंगाचा. २०११ नंतर या परिषदांत बायका सुमारे १४ टक्के होत्या, आता निम्म्या आहेत. टीका करायचीच तर इथे करावी की अध्यक्षपदाला असा नियम नाही. २०२१ नंतरही साधारण पाचातलं एकच अध्यक्षपद बाईकडे होतं.

अध्यक्ष हारतुऱ्यांचा धनी असल्याची समजूत बहुधा आपल्या झेडपीवरून आली असावी. आपल्याकडे १९६१ च्या कायद्याने कारभाराची सूत्रं मुख्य कार्यकारी अधिकाऱ्याकडे आहेत आणि तो अधिकारी राज्य सरकार पाठवतं. फ्रान्समध्ये कारभाराचा प्रमुख अध्यक्षच. खर्चाचा आदेश त्याचा, कर्मचारी त्याच्या हाताखाली, सेवांचा महासंचालकही त्यानेच नेमलेला. त्याला सदस्य निवडतात. पहिल्या दोन फेऱ्यांत निर्विवाद बहुमत लागतं, तिसरीत ज्याला जास्त मतं तो जिंकतो, आणि बरोबरी झाली तर वयाने मोठा असलेला. सोबत चार ते पंधरा उपाध्यक्ष, पण एकूण सदस्यांच्या ३० टक्क्यांहून जास्त नाहीत, म्हणजे लोझेरला सातच. अध्यक्ष, उपाध्यक्ष आणि काही सदस्य मिळून स्थायी आयोग होतो. दोन बैठकांच्या मधली बरीच कामं परिषद त्याच्यावर सोपवते, अर्थसंकल्प मात्र नाही. खासदारकी आणि अध्यक्षपद एकाच वेळी सांभाळण्याची सोयही २०१७ पासून बंद झाली.

उरला कलेक्टर, म्हणजे तिकडचा प्रेफे. नेपोलियनने १८०० साली ही जागा निर्माण केली आणि त्यानंतर जवळपास दोन शतकं मजकुरात म्हटलंय तसंच होतं. परिषद ठराव करायची, अंमलबजावणी प्रेफे करायचा, अर्थसंकल्पही तोच तयार करायचा. हे चित्र २ मार्च १९८२ च्या कायद्याने मोडलं. मितराँ राष्ट्राध्यक्ष असताना तो आणला गृहमंत्री गास्तों दफेर यांनी. ते स्वतः मार्सेचे महापौर होते, त्यामुळे प्रेफेचा हात डोक्यावर असणं म्हणजे काय हे त्यांना कुणी सांगायची गरज नव्हती. तेव्हापासून अंमलबजावणी अध्यक्षाकडे आली. प्रेफे आता ठराव अंमलात येण्याआधी अडवू शकत नाही आणि स्वतः रद्दही करू शकत नाही. बेकायदा वाटला तर दोन महिन्यांत प्रशासकीय न्यायालयात जातो, निकाल न्यायाधीश देतो. एका ठिकाणी मात्र त्याचा हात अजून लांब आहे. अर्थसंकल्प मुदतीत मंजूर झाला नाही किंवा जमाखर्च जुळला नाही, तर तो प्रकरण प्रादेशिक लेखा न्यायालयाकडे पाठवतो आणि त्यांच्या सल्ल्याने अर्थसंकल्प ठरवतो. पोलीस, परकीयांचे परवाने, आपत्तीतली सूत्रं त्याच्याकडेच आहेत, पण ती केंद्राची कामं आहेत, परिषदेची नव्हेत.

मग परिषद लुळी का वाटते? पैशांकडे बघा. चालू खर्चातला निम्म्याहून जास्त वाटा समाजकल्याणाचा आहे: वृद्धांना घरी मदत, अपंगांची भरपाई, अनाथ व धोक्यातल्या मुलांचा सांभाळ, आणि उत्पन्न नसलेल्यांचा आरएसए भत्ता. यांपैकी आरएसएची रक्कम पॅरिस ठरवतं (एकट्या माणसाला एप्रिल २०२५ मध्ये ती महिना ६४६ युरोच्या आसपास होती), पैसे परिषद देते. बेकारी वाढली की खर्च वाढतो, त्यात परिषदेचा काहीच हात नसतो. सेन-सां-दनीसारख्या गरीब देपार्तमांत हा भार इतका झाला की २०२२ मध्ये तिथला आरएसए प्रयोग म्हणून पुन्हा केंद्राने घेतला. शाळांच्या इमारती, रस्ते, अग्निशमन, ग्रंथालयं, दप्तरखाने हे सगळं उरलेल्या पैशात.

उत्पन्नाची बाजू त्याहून अवघड. २०२१ मध्ये इमारतींवरचा मालमत्ता कर परिषदांकडून काढून गावांना दिला आणि बदल्यात मूल्यवर्धित कराचा वाटा दिला. त्या वाट्याचा दर परिषद ठरवत नाही. हातात राहिलं मुख्यतः घरखरेदीवरचं मुद्रांक शुल्क. २०२३ मध्ये घरांचे व्यवहार आटले आणि हे उत्पन्न एका वर्षात पाचव्या हिश्शाहून जास्त घसरलं. भत्ते तेवढेच द्यायचे होते. यावर पॅरिसने मुभा दिली ती शुल्काचा दर ४.५ वरून ५ टक्क्यांपर्यंत नेण्याची, पहिलं घर घेणाऱ्यांना वगळून. तीही ३० एप्रिल २०२८ पर्यंतच. या खेपेची मुदत सहा वर्षांहून लांबवल्यामुळे परिषदांची पुढची निवडणूक त्याच वर्षी मार्चमध्ये आहे, म्हणजे जे निवडून येतील त्यांच्या हाती हा वाढीव दर जेमतेम महिनाभर असेल.