हॉल किती बाय किती?

मुंबईत कुणालाही झोपेतून उठवून घराचा एरिया विचारा, फाडकन सांगेल. स्वतःचा सांगेल, शेजारच्या विंगमधल्या टूबीएचकेचा सांगेल, आणि तो गेल्या वर्षी कितीला गेला ते पण सांगेल. पण त्यालाच विचारा की बाबा रे, तुझा हॉल किती बाय किती? संपला विषय. माणूस पंख्याकडे बघायला लागतो. लोन काढताना, घर विकताना, नातेवाईकांसमोर कॉलर ताठ करताना सगळीकडे गुणाकारच लागतो, कशाला कशाने गुणलं ते आजवर कुणी विचारलेलंच नसतं.

आम्हाला ते दुकानदाराने विचारलं.

झालं असं की गणपती तोंडावर आले आणि आईला हॉलची लादी दिसायला लागली. लादी ती काही आजची नाही, भांडुपची आमची बिल्डिंग उभी राहिली तेव्हाची जुनी मोझॅकची, दहा बाय दहा इंची, ठिपक्या-ठिपक्यांची, त्यातल्या काही तडकल्यात आणि दारातल्या एकीवर पाय पडला की खालून ढब्ब असा आवाज येतो. लादी बदलायची तर फोडाफोडी, सोसायटीची परवानगी, डेब्रिजच्या गोण्या, खालच्या मजल्यावरच्यांचा रुसवा, हे सगळं गणपतीच्या आधी होणं शक्य नाही, म्हणून ठरलं की वरून कार्पेट टाकायचं. बायकोला तिच्या ऑफिसात आहे तसलं मऊ, लोकरीसारखं, भिंतीपासून भिंतीपर्यंतचं हवं होतं. मी एवढंच विचारलं की जुलैमध्ये आपल्याकडे टॉवेल किती दिवसांनी वाळतो? मग ती स्वतःच म्हणाली की प्लास्टिकचं बघू या. प्लास्टिकचं म्हणजे ते व्हायनलचं, लाकडाच्या फळ्यांची प्रिंट असलेलं, जे अर्ध्या मुंबईच्या घरात असतं आणि ज्याला सगळे कार्पेटच म्हणतात.

आता माप. मला आधी वाटलं ॲग्रीमेंट आहे की घरात, त्यात बघू. बाबांनी गोदरेजच्या कपाटातून, दागिन्यांच्या पण मागून, ती फाइल काढली. तिच्यात लिहिलंय 525 चौरस फूट बिल्टअप. घरात आतल्या आत मोजलं तर आकडा 430 च्या पुढे जात नाही. उरलेले पंचाण्णव फूट भिंतींच्या पोटात, बाल्कनीत आणि बहुतेक जिन्यात आहेत, म्हणजे जिन्याच्या दोनेक पायऱ्या आमच्या मालकीच्या असाव्यात आणि लोक त्यावर बिनदिक्कत चपला घालून चढतात. बायको म्हणाली की आता तसं नाही, रेराचा कायदा 2016 ला आला, महाराष्ट्रात 2017 पासून महारेरा आहे, बिल्डरला कार्पेट एरियावरच विकावं लागतं. बरोबर आहे तिचं. पण त्या कायद्यातली व्याख्या मी वाचली, त्यात बाहेरच्या भिंती धरत नाहीत, बाल्कनी धरत नाहीत, पण घरातल्या आतल्या भिंती धरतात. म्हणजे हॉल आणि बेडरूमच्या मधल्या भिंतीखालची जागा सुद्धा कार्पेट एरियात येते. तिथे कार्पेट कसं सरकवायचं ते कलमात दिलेलं नाही.

तर कागद बाजूला ठेवला आणि टेप काढली. मुंबईच्या घरात जमीन मोजायची म्हणजे आधी जमीन शोधावी लागते. भिंतीला टेप लावायची तर भिंत कुठाय? एका भिंतीला शोकेस, दुसरीला सोफा, तिसरीला शू-रॅक, शिवणयंत्र आणि घडी घातलेली खाट, आणि चौथ्या भिंतीला खिडकी आणि तिच्याखाली आईने पाणीकपातीच्या काळात आणलेला निळा ड्रम, जो कपात संपून जमाना झाला तरी भरलेलाच असतो. मी सोफ्याच्या मागे हात घालून टेपचं टोक धरलंय, बायको दुसऱ्या टोकाला, मध्ये टेपला झोळ पडलाय, आणि "नऊ फूट..." एवढं म्हणेपर्यंत तिच्या हातून सुटली की ती टेप सापासारखी सळसळत येऊन माझ्या बोटावर खट्ट.

तेवढ्यात माझ्या आतेभावाचं लक्ष टेपच्या टोकाकडे गेलं, तिथला पत्र्याचा आकडा लुडलुडत होता. तो फेव्हिक्विक आणायला निघालाच होता. त्याला समोरच्या काकांनी दारातूनच थांबवलं. काका म्हणजे रिटायर्ड ड्राफ्ट्समन, आमच्या मजल्यावर कुठे टेप उघडली की त्यांना आवाज जातो. "अरे हात लावू नकोस, तो ढिलाच असतो! आकड्याच्या जाडीएवढा मागे-पुढे होतो. आतून टेकवलास तर आत सरकतो, बाहेरून अडकवलास तर बाहेर येतो, म्हणून दोन्हीकडून माप बरोबर येतं." हे मला इतक्या वर्षांत कुणी सांगितलं नव्हतं. मग त्यांनी हेही सांगितलं की टेपची डबी भिंतीला टेकवून मोजत असाल तर डबीची लांबी मिळवायची, ती डबीवर लिहिलेली असते. होती की! बारीक अक्षरात.

बाबा या सगळ्या गोंधळात नव्हतेच. ते हाताची घडी मागे बांधून हॉलमध्ये एक फेरी मारून आले आणि म्हणाले, "सतरा आणि वर बोटभर. इकडून साडेअकरा, जरा जास्तच." लाद्या मोजल्या होत्या त्यांनी! दहा इंची लादी, सतरा म्हणजे 170 इंच. आमची टेप, झोळ, बोटाला लागलेलं आणि डबी मिळवून आलं 171 इंच, म्हणजे चौदा फूट तीन इंच. रुंदी एकशे सोळा, नऊ फूट आठ इंच. तिकडे बायकोने मोबाईलच्या ॲपवर मोजलं तर ॲपने शोकेसच्या काचेतलं प्रतिबिंब पण हॉलमध्ये धरलं आणि आमच्याकडे वीस फुटी हॉल आहे असं सांगितलं, आईला ते ॲप फार आवडलं.

काका मात्र गप्प बसेनात. "कर्ण घेतलेत का?" म्हणे. म्हणजे खोलीच्या कोपऱ्यातून समोरच्या कोपऱ्यात, दोन्ही बाजूंनी. दोन्ही सारखे आले तर खोली गुण्यात, म्हणजे कोपरे काटकोनात, नाहीतर तिरकी. आमचा एक आला सतरा फूट एक इंच, दुसरा सतरा फूट पाच. काकांच्या चेहऱ्यावर जो आनंद पसरला तो बघण्यासारखा होता. चार इंचाचा फरक म्हणजे एका भिंतीपासून दुसरीपर्यंत जाताना खोली जवळजवळ अडीच इंच कलंडते, हे त्यांनी रद्दी पेपरवर आकृती काढून समजावलं. आई म्हणाली, तरीच पंगतीत शेवटच्या माणसाचं ताट तिरकं येतं.

एवढी तयारी करून आम्ही क्रॉफर्ड मार्केटच्या मागच्या गल्ल्यांत गेलो. मी दुकानात शिरल्या शिरल्या सांगितलं, एकशे अडतीस स्क्वेअर फूट. पाठ केलं होतं रस्त्याने. बायकोने स्क्वेअर मीटरमध्ये पण करून ठेवलं होतं, बारा पॉइंट आठ, दहा पॉइंट सातशे चौसष्टने गुणलं की आमचंच उत्तर. शेठने आकडा ऐकलाच नाही. "वो छोडो, रूम कितने बाय कितने का है?" आणि मग तो म्हणाला ते वाक्य ज्याच्यावर आमची सगळी मोजणी आपटली, "पना साडेछे का आता है, रनिंग फूट में काटूंगा."

हे जे आहे ना, हे शाळेत शिकवायला हवं. क्षेत्रफळ काढून उपयोग शून्य. रोल असतो दोन मीटर रुंद, म्हणजे साडेसहा फूट आणि वर अर्धा-पाऊण इंच, आणि लांबी कापाल तेवढी. आता आमची रुंदी नऊ फूट आठ. एका पट्टीत बसत नाही, दोन टाकल्या तर तेरा फुटांवर जाते. म्हणजे लांबीच्या दिशेने टाकायचं तर सव्वाचौदा-सव्वाचौदाच्या दोन पट्ट्या, साडेअठ्ठावीस रनिंग फूट, म्हणजे एकशे सत्त्याऐंशी स्क्वेअर फुटाचे पैसे द्यायचे आणि त्यातला पन्नासेक फूट माल कापून टाकायचा. आडवं टाकायचं तर? चौदा फूट तीन इंचाला दोन पट्ट्या टाकल्या की तेरा फूट दीड इंच होतं, तिसरी पट्टी लागते, म्हणजे एकोणतीस रनिंग फूट, आणखीच जास्त. तिसऱ्या पट्टीतली फक्त साडेतेरा इंच वापरायची आणि बाकी पाच फूट रुंदीचा तुकडा घेऊन काय भजनाला बसायचं? आणि प्रिंट जुळवायची तर अजून थोडा माल जास्त. मी कॅल्क्युलेटरवर उलटसुलट करत होतो, बायको म्हणत होती की मग खोलीच छोटी असती तर बरं होतं, जे मुंबईत बोललेलं वाक्य म्हणून इतिहासात नोंदवायला हवं.

शेठ शांतपणे चहा पीत होता. मग म्हणाला, "उधर दीवार को क्या है?"

शोकेस.

"गहराई?"

ते माप पण होतं, कारण शोकेस मध्ये येत होतं म्हणून आम्ही चिडून तेही मोजलेलं, पंधरा इंच.

"हटानेवाले हो?"

आम्ही दोघं हसलो. ते शोकेस माझ्या आईवडिलांच्या लग्नात आलेलं, सागवानी, त्यात बाहुल्या, ट्रॉफ्या, कुणीतरी सिंगापूरहून आणलेला काचेचा मोर, ते हलवायचं तर आधी आईला गावाला पाठवावं लागेल. "तो उसके नीचे किसको दिखाना है?" शेठ म्हणाला. दोन आडव्या पट्ट्या, शोकेसच्या पायाशी कापायच्या, खालची साडेतेरा इंच उघडी. प्रत्येक पट्टीला खोली तिरकी आहे म्हणून चार इंच जास्तीचे, म्हणजे बरोब्बर दहा-दहा फूट, वीस रनिंग फूट, खलास. नऊ फूट माल वाचला. एक कागद नाही, गुगल नाही, फक्त "उधर क्या है". आर्किटेक्टला आपण फी कशाची देतो हा प्रश्न मला पडलेला आहे.

आईला हे घरी येऊन सांगितलं तर ती दोन मिनिटं काही बोललीच नाही. मग म्हणाली, "म्हणजे शोकेसखाली उघडं ठेवणार? आणि कुणी वाकून बघितलं तर?"

रोल घरी आणणं हा वेगळा प्रकार, साडेसहा फूट उंचीची ती गुंडाळी मस्जिद स्टेशनातून संध्याकाळच्या मालडब्यात चढवली तेव्हा डब्यातल्या टोपलीवाल्या मावशींनी आधी आम्हाला शिव्या दिल्या आणि आम्ही भांडुपला उतरायच्या आधी रेट विचारून घेतला, त्यामुळे त्या विषयावर जास्त लिहीत नाही. रोल लगेच कापायचा नाही, आधी मोकळा पसरून एक रात्र ठेवायचा, नाहीतर कडा वर वळतात, असं शेठने बजावलं होतं. वीस फूट लांब वस्तू पसरायला चौदा फुटी हॉल! शेवटी एक टोक पॅसेजमध्ये गेलं आणि दार रात्रभर उघडंच ठेवावं लागलं, काका खुर्ची टाकून पहाऱ्याला बसले, त्यांना तसंही झोप कमीच.

कारागीर आला, एकटाच, हातात एक कटर आणि एक पट्टी. टेप त्याने काढलीच नाही. कार्पेट भिंतीवर चढवलं, अंगठ्याने कोपऱ्यात दाबत नेलं आणि सर्रकन कापत गेला, आमचे कर्ण, अडीच इंच, आकृती, सगळं त्या अंगठ्याने एका फेरीत निकालात काढलं. कापलेल्या तिरक्या पट्ट्या आईने सुतळीने बांधून माळ्यावर टाकल्या. काही बोलायची सोय नाही.

मग मजुरीचा विषय आला. तो म्हणाला एकशे अडतीस फुटाची.

मी म्हटलं कसे एकशे अडतीस? शोकेसखाली कुठे घातलंयस? म्हणे रूम तो उतना ही है ना. आईने शोकेसची जागा वजा केली, मग तिला चेव आला आणि तिने ड्रमखालची पण वजा केली, तर तो म्हणाला ड्रम मीच उचलला, त्याचे तर वेगळे व्हायला हवेत, पाण्याने भरलेला होता. बायकोने मोबाईल काढला. काका दारात आले. बाबा म्हणाले थांबा, भांडू नका, मी मोजून सांगतो किती घातलंय ते, आणि हात मागे बांधून खिडकीपाशी गेले, खाली वाकले आणि तसेच थांबले. लाद्या नव्हत्या.

थोडा वेळ त्यांनी लाकडाच्या त्या छापील फळ्यांकडे निरखून पाहिलं. मग कारागिराला विचारलं, "ही एक फळी किती इंचाची रे?"