मारखा खोऱ्यातला होमस्टे ट्रेक: गट किती जणांचा, हे गाडीच्या सीटांवरून ठरवू नका

पुणे, मुंबई, नाशिककडून लडाखच्या मारखा खोऱ्यात जाणाऱ्या ट्रेकच्या जाहिरातीत "लडाखी घरात मुक्काम" हे शब्द ठळक असतात. गटाचा आकडा मात्र बरेचदा १७ किंवा २६ असतो. हे दोन्ही आकडे टेम्पो ट्रॅव्हलरच्या सीटांचे आहेत. घराशी त्यांचा काहीही संबंध नाही, आणि सगळा घोळ इथूनच सुरू होतो.

मारखा हे त्या खोऱ्यातलं सगळ्यात मोठं गाव, तेही वीस-पंचवीस घरांचं. स्क्यू आणि हंकर त्याहून लहान. घरात पाहुण्यांसाठी एक खोली, फार तर दोन. खाली गाद्या, वर जड रजया, समोर चोकत्से म्हणजे बुटकं नक्षीदार टेबल. पाच-सहा माणसं नीट झोपतात, आठ दाटीवाटीनं. सव्वीस जण आले की चार-पाच घरांत पांगावं लागतं किंवा अंगणात तंबू ठोकावे लागतात. मग शहरातून आणलेला आचारी स्वयंपाकघराचा ताबा घेतो आणि घरची बाई स्वतःच्याच चुलीपासून बाजूला होते. त्याला होमस्टे म्हणणं चूक आहे असं आमचं स्पष्ट मत आहे.

त्या घरात आपण का झोपतो, हे आधी समजून घ्यायला हवं. हा भाग हेमिस राष्ट्रीय उद्यानात येतो. देशातलं सगळ्यात मोठं राष्ट्रीय उद्यान, १९८१ सालचं, आणि हिमबिबट्याचं घर. लडाखी भाषेत त्याला "शान" म्हणतात. हा शान हिवाळ्यात मेंढ्यांच्या गोठ्यात छपराच्या झरोक्यातून उतरतो. आत गेल्यावर बाहेर पडायची वाट पटकन सापडत नाही, जनावरं घाबरून सैरावैरा पळतात, आणि समोर हलणाऱ्या प्रत्येकावर तो झडप घालतो. एका रात्रीत घराची सगळी पुंजी संपते. पूर्वी असा अडकलेला बिबट्या गाव मारून टाकायचं. हिमबिबट्या वाचवण्यासाठी काम करणारी स्नो लेपर्ड कॉन्झर्व्हन्सी ही संस्था आणि तिच्या कामाचे लडाखमधले आधारस्तंभ रिन्चेन वांगचुक यांनी यावर दोन साधे उपाय धरले. गोठ्यांच्या झरोक्यांना मजबूत तारेची जाळी आणि घट्ट बसणारं दार हा पहिला. दुसरा म्हणजे ज्या घराचं नुकसान होतं त्याच घराला पाहुण्यांमुळे कमाई व्हावी. रुंबक गावातून २००० नंतरच्या पहिल्या काही वर्षांत होमस्टे सुरू झाले ते असे. जिवंत बिबट्या गावाला परवडायला लागला. वांगचुक २०११ साली गेले, पण बसवलेली घडी टिकली.

या घडीचा कणा म्हणजे पाळी. गावात आलेला पाहुणा कुठल्या घरी जाईल हे गाव ठरवतं, आज या घराची पाळी, उद्या पुढच्या. लडाखला हे नवं नाही. शेताला पाणी देणारे पाट, म्हणजे युरा, यांचं वाटप गावानं नेमलेला चुरपोन करतो. पांझरेच्या काठावर फडाचं पाणी पाटकरी सोडतो तसंच. पाण्याची पाळी होती, तिच्याच जोडीला पाहुण्यांची पाळी आली. म्हणून "आम्हाला अमुकच घर द्या, फोटोत छान दिसतं" हा आग्रह धरला की आपण रांग मोडतो. ज्या घरात तरुण मुलगा इंग्रजी बोलतो, इन्स्टाग्राम चालवतो, तिथं गर्दी होते आणि पलीकडच्या घरातली एकटी म्हातारी पाळी असूनही रिकामी राहते. पाळीत जे घर येईल ते घ्यावं. संडास जरा दूर असेल, खोली जरा अंधारी असेल, हरकत नाही.

मुक्कामाचा दर एका माणसामागे, एका रात्रीचा असतो. त्यात रात्रीचं जेवण, सकाळचा नाश्ता आणि वाटेचा डबा येतो. घासाघीस करू नये. पैसे एजन्सीमार्फत जात असतील तर बुकिंगच्या वेळीच विचारा: घराला किती मिळतात, कधी मिळतात, कोणाच्या हातात मिळतात? उत्तर गुळमुळीत आलं तर दुसरी एजन्सी बघा. शक्य असेल तिथं पैसे मुक्कामाच्या सकाळी घरच्या बाईच्या हातात द्या. सुटे घेऊन जा, लेह सोडल्यावर वाटेत एटीएम नाही.

तर गट सहा ते आठ जणांचा असावा, सोबत एक स्थानिक गाईड. तंबू, रॉकेल, भांडी यांचं ओझं नसल्यामुळे माणशी आठ-नऊ किलोची सॅक पुरते आणि घोड्यांची गरज जवळपास संपते. याचा फायदा आपल्या खिशापुरता नाही. सामान वाहणारी जनावरं खोऱ्यातल्या तुटपुंज्या गवतावर चरतात. तेच गवत भरलांना, म्हणजे तिथल्या निळ्या रानमेंढ्यांना लागतं, आणि भरल कमी झाले की बिबट्या पुन्हा गोठ्याकडे वळतो.

आता उंची. लेह ३,५०० मीटरवर आहे, आपल्या कळसूबाईच्या (१,६४६ मीटर) दुपटीहून वर. सह्याद्रीत दर रविवारी पळत चढणाऱ्यांनी हे विशेष ध्यानात घ्यावं, कारण दमसास चांगला असणं आणि शरीर विरळ हवेला सरावणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. विमानानं उतरलात की पहिले दोन पूर्ण दिवस लेहमध्येच काढा. पहिला दिवस जवळजवळ अंथरुणावर, दुसऱ्या दिवशी गावात हळू फिरणं. दुसऱ्याच दिवशी गाडीनं खारदुंग ला ("ला" म्हणजे खिंड) दाखवून आणायचं आणि त्याला "सराव" म्हणायचं, हे ज्या कार्यक्रमपत्रिकेत लिहिलंय ती बाजूला ठेवा. ३,००० मीटरच्या वर झोपण्याची उंची एका रात्रीत ५०० मीटरहून जास्त वाढू नये, आणि दर तीन-चार दिवसांनी एक दिवस त्याच उंचीवर थांबावं. हा नियम झोपण्याच्या उंचीचा आहे. दिवसा वर जाऊन खाली येणं चालतं.

या नियमानं मारखाचा मार्ग तपासून पाहा. चिलिंग सुमारे ३,२०० मीटर, स्क्यू ३,४०० च्या आसपास, मारखा ३,८००, हंकर ४,०००. इथवर चढ अगदी शहाण्यासारखा आहे. हंकरला शेवटची घरं संपतात. पुढचा मुक्काम निमालिंग, ४,८०० मीटर. तिथं गाव नाही. उन्हाळी कुरण आहे आणि खोऱ्यातल्या लोकांनी मांडलेला तंबूंचा कॅम्प. एका दिवसात ८०० मीटरची ही उडी या ट्रेकमधली सगळ्यात धोक्याची जागा आहे, आणि चार दिवसांत ट्रेक उरकणारे सगळे ती मारतात. निमालिंगच्या रात्री उलट्या, फुटणारं डोकं आणि बसून काढलेली झोप हे त्याचंच फळ. उपाय दोन. हंकरला दोन रात्री राहा आणि मधल्या दिवशी वर थाचुंगत्सेपर्यंत चालून परत या. नाहीतर थाचुंगत्सेला, सुमारे ४,२५० मीटरवर, एक रात्र तंबूत काढा. त्याची सोय आधी गाईडकडून करून घ्या. एक दिवस वाढला म्हणून पैसे वाढतात, ते द्यावेत.

रुंबक आणि गांदा ला या बाजूनं सुरुवात केली तर वाट फार सुंदर आहे, पण लेहहून थेट चार हजारांवर झोपायचं आणि एक-दोन दिवसांत ४,९०० च्या वरची खिंड ओलांडायची. विमानानं आलेल्यांनी हा मार्ग पहिल्याच आठवड्यात धरू नये. आधी शाम भागातली लिकिर, यांगथांग, हेमिस शुकपाचन ही गावं तीन दिवस चालून घ्यावीत. तिथंही होमस्टे आहेत. ज्यांना खिंडीचा हट्ट नाही त्यांना तर तेवढाच ट्रेक पुरेसा आहे.

डायमॉक्स (उंचीचा त्रास टाळायची गोळी) घेणार असाल तर नेहमीचं प्रतिबंधक प्रमाण १२५ मिलिग्रॅम दिवसातून दोनदा, वर जाण्याच्या आदल्या दिवसापासून. पण निघण्यापूर्वी आपल्या डॉक्टरांना विचारूनच, आणि सल्फाची अ‍ॅलर्जी असेल तर ती त्यांना आवर्जून सांगून. ऑक्सिमीटरच्या आकड्याला चिकटून बसू नका. ८० च्या घरात आकडा असलेला माणूस मजेत जेवत असतो आणि त्याहून बरा आकडा असलेला कोपऱ्यात गप्प पडलेला असतो. काळजी त्या गप्प पडलेल्याची करायची. बसल्याजागी धाप लागते, खोकला थांबत नाही, आडवं झोपवत नाही, ही फुप्फुसात पाणी होण्याची लक्षणं. टाचेला चवडा लावत सरळ रेषेत दहा पावलं टाकायला सांगा. तोल गेला तर मेंदूला सूज आहे असं समजा. दोन्हींत सकाळची वाट बघायची नाही, रात्रीच खाली न्यायचं.

खाली म्हणजे कुठे, हे आधी ठरलेलं हवं. निमालिंगला माणूस आजारी पडला तर मागं हंकरला फिरायचं. गाडी पलीकडे शांग सुमदोला उभी असते म्हणून आजारी माणसाला कोंगमारु ला या खिंडीवरून नेण्याचा मोह होतो. पण खिंड ५,२०० मीटरच्या आसपास आहे. म्हणजे आधी आणखी ४०० मीटर वर चढवायचं, आणि मग उतरायची ती दोन्हीकडे ढासळते कडे असलेली, ओढा पुन्हा पुन्हा ओलांडायला लावणारी घळ. गाईड निवडताना एवढा एकच प्रश्न विचारा: निमालिंगला रात्री दोन वाजता माझा माणूस अडखळायला लागला तर तुम्ही काय कराल? उत्तरात हंकर, ऑक्सिजन सिलिंडर आणि कोण कोणासोबत जाणार हे आलं पाहिजे. मोबाईलवर विसंबू नका. महाराष्ट्रातलं प्रीपेड सिम लडाखमध्ये चालत नाही, पोस्टपेड लेहमध्ये चालतं, पण खोऱ्यात बराच वेळ काहीच चालत नाही.

नदीवरही विसंबू नका. स्क्यूपासून मारखापर्यंत वीस-एक किलोमीटरचा दिवस आहे, आणि पूल वाहून गेला असेल तर पाण्यात उतरावं लागतं. हे पाणी बर्फाचं. उन्हानं वितळलेला बर्फ दुपारनंतर खाली पोचतो, त्यामुळे सकाळी गुडघ्याला लागणारं पाणी चार वाजता मांडीला लागतं. सहाला निघा. पाण्यात शिरण्यापूर्वी सॅकचा कमरेचा पट्टा सोडा, म्हणजे पडलात तर सॅक टाकून देता येते. अनवाणी उतरू नका, पट्ट्याच्या सँडल घाला. आणि लडाखात पाऊस पडत नाही ही समजूत सोडा. लेहला वर्षभरात जेमतेम १०० मिलिमीटर पाऊस होतो हे खरं, पण ऑगस्ट २०१० ची ढगफुटी तिथंच झाली. उघड्या डोंगरावर पाणी धरून ठेवायला झाडोरा नाही, म्हणून थोडा पाऊसही चिखलाचा लोंढा होऊन येतो. घळीत असताना आभाळ भरलं तर पुढं रेटू नका.

घरातल्या गोष्टी सोप्या आहेत, फक्त माहीत हव्यात. भेटल्यावर "जुले" म्हणा, म्हणजे नमस्कार. घरच्या मोठ्या बाईला आमा-ले, ताईच्या वयाच्या बाईला आचे-ले, दादाच्या वयाच्या माणसाला आचो-ले. तो "ले" म्हणजे आपला "जी". चुलीकडे पाय करून बसू नये, चुलीत कागद-कचरा टाकू नये, कारण चूल तिथं देवघराइतकीच पवित्र आहे. चोकत्सेवरून ओलांडून जाऊ नये. मणी-भिंत (मंत्र कोरलेल्या दगडांची भिंत) आणि चोर्तेन (स्तूप) उजव्या हाताला ठेवून पुढं जावं. कप रिकामा केला की "डोन-ले", म्हणजे "घ्या ना", म्हणत पुन्हा भरला जातो. नको असेल तर भरलेला तसाच ठेवा आणि उठताना संपवा. जेवणात स्क्यू (गावाचं नाव तेच, पण हा कणकेच्या तुकड्यांचा रस्सा), थुक्पा (नूडल्सचं सूप), तिमोक (वाफवलेला पाव), वरण-भात, बटाटा-वाटाणा. सकाळी खंबीर रोटी (आंबवलेल्या कणकेची जाड रोटी), लोणी, जर्दाळूचा जॅम. शाकाहारी माणसाची अडचण होत नाही, फक्त आधी सांगा. आपली शेंगदाण्याची चटणी जरूर न्या, पण डबा सगळ्यांमध्ये फिरू द्या.

संडास कोरडा असतो: वरच्या मजल्यावर भोक, शेजारी मातीचा ढीग आणि फावडं. नंतर दोन-तीन फावडी माती टाकायची, पाणी शक्य तितकं कमी. खाली जमतं ते खत वसंतात शेतात जातं, म्हणून पॅड, ओले टिश्यू, प्लास्टिक त्यात कधीही टाकू नये. दोन जाड पिशव्या ठेवा आणि ते सगळं लेहला परत आणा. आंघोळीला गरम पाणी मागू नका. जळण शेण्या आणि लाकडांचं, गॅसची टाकी लांबून आणलेली. पाटात साबण तर मुळीच नको, खालचं घर तेच पाणी भरतं.

कधी जावं? मेच्या सुट्टीत नाही. खिंडीत बर्फ असतो आणि गावं पेरणीत गुंतलेली असतात. जुलैत नदी मोठी, पण कुरणं हिरवी. आमची पसंती सप्टेंबरचा पहिला पंधरवडा. पाणी उतरलेलं, आभाळ स्वच्छ, निमालिंगची रात्र मात्र शून्याखाली, तेव्हा थर्मल आणि टोपी पक्की. याच सुमारास सातूची कापणी आणि मळणी चालू असते. घरातलं प्रत्येक माणूस अंधार पडेपर्यंत शेतात असतं. दुपारी तीनला पोचलात तर दार उघडं असेल, घरात कोणी नसेल आणि जेवण नऊला मिळेल. सॅकमध्ये मूठभर चणे-गूळ ठेवा, बूट बाहेर काढा, आत जाऊन बसा.