शोध लावला म्हणजे नक्की काय केलं? : मेसियरवरच्या कमेंटला उत्तर

नमस्कार सर, तुमची कमेंट दोनदा वाचली आणि म्हटलं याला खाली चार ओळींत उत्तर देणं बरं नाही, म्हणून वेगळं लिहितोय. बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगतो, मेसियर या अठराव्या शतकातल्या फ्रेंच खगोलशास्त्रज्ञावरच्या माझ्या लेखाबद्दल सरांचे तीन आक्षेप आहेत. मेसियरने ११० तेजोमेघ (वायू आणि धुळीचे ढग), ताऱ्यांचे गुच्छ आणि दीर्घिका (ताऱ्यांची प्रचंड मोठी बेटं) शोधल्या असं मी लिहिलं ते चूक आहे, तो बिचारा धूमकेतू शोधत होता आणि धूमकेतूसारखंच धूसर दिसणारं हे सगळं त्याच्या दृष्टीने अडगळ होती. दुसरं, कृत्तिका आपल्याकडे वेदकाळापासून माहीत आहेत, त्यांना एम ४५ (एम म्हणजे मेसियरची यादी) नंबर देऊन श्रेय फ्रेंच माणसाला कशाला. आणि तिसरं, कॅरोलाइन हर्शेल ही फक्त भावाची, म्हणजे खगोलशास्त्रज्ञ विल्यम हर्शेलची, लेखनिक होती, तिला मी उगाच मोठं केलं.

पहिल्यातला आकडा सरळ मान्य, माझी चूक आहे आणि मूळ लेखात दुरुस्त केलीये. मेसियरची शेवटची छापील यादी १७८१ ची, त्यात १०३ नोंदी. पुढचे सात नंबर विसाव्या शतकात जोडले गेले, पहिला म्हणजे एम १०४ फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ फ्लामारियाँने १९२१ मध्ये. आणि त्या १०३ मधल्यासुद्धा निम्म्याहून कमी त्याने स्वतः पहिल्यांदा पाहिलेल्या. हर्क्युलीस तारकासमूहातला एम १३ हा गुच्छ हॅलीने १७१४ मध्ये पाहिला होता, मृगातला तेजोमेघ पेरेस्कने १६१० मध्ये, आणि बऱ्याच नोंदी त्याचा सहकारी मेशँच्या आहेत.

पण अडगळ हा शब्द मला पटत नाही. १७५८ च्या ऑगस्टमध्ये तो वृषभ राशीत एका धूमकेतूच्या मागावर होता, तेव्हा त्याला एक धूसर डाग दिसला जो जागचा हलेना. तोच एम १, आपला क्रॅब नेब्युला हा तेजोमेघ. तो इंग्लंडच्या जॉन बेव्हिसने १७३१ मध्येच पाहिला होता हे मेसियरला माहीत नव्हतं, १७७१ मध्ये बेव्हिसचं पत्र आलं तेव्हा कळलं, आणि पुढच्या यादीत त्याने बेव्हिसचं नाव घातलं. देवयानीतल्या एम ३१ चं श्रेयसुद्धा त्याने सिमॉन मारियुस या जर्मन खगोलशास्त्रज्ञाला दिलंय (त्याच्याही साडेसहाशे वर्षं आधी, ९६४ मध्ये, पर्शियन खगोलशास्त्रज्ञ अल-सूफीने तो 'छोटा ढग' लिहून ठेवला होता, पण ते मेसियरपर्यंत पोचलं नव्हतं). ज्याला ही नुसती अडगळ वाटते तो माणूस कुणी आधी पाहिलं ते इतक्या काळजीने लिहीत नाही, असं मला मनापासून वाटतं.

आता कृत्तिका. तैत्तिरीय परंपरेत त्या सात तारकांची नावं आहेत, अंबा, दुला, नितत्नी, अभ्रयन्ती, मेघयन्ती, वर्षयन्ती, चुपुणीका. कृत्तिका पूर्व दिशा सोडत नाहीत या शतपथ ब्राह्मणातल्या वाक्यावरून शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी त्या ग्रंथाचा काळ काढायचा प्रयत्न केला, तो आपल्या मराठी माणसाचा केवढा मोठा विचार आहे. यातलं काहीच मेसियरच्या नंबराने पुसलं जात नाही हो. त्याने १७६९ च्या मार्चमध्ये कृत्तिकांची जागा मोजली आणि यादीत ४५ वा नंबर दिला, मी शोधल्या असं तो म्हणालाच नाही आणि तसं कुणी म्हणतही नाही.

माझं म्हणणं इथेच आहे. पाहणं एक, आणि दुसऱ्याला सापडेल अशी जागा लिहून ती लोकांपर्यंत पोचवणं वेगळं. सिसिलीच्या होदिएर्ना या खगोलशास्त्रज्ञाने १६५४ मध्ये पालेर्मोत पुस्तक छापलं, त्यात एम ६, एम ३६, एम ३७, एम ३८ सगळे आहेत, मेसियरच्या शंभरेक वर्षं आधी! पण ते पुस्तक कुणाच्या हाती लागलं नाही, थेट १९८० च्या दशकात लोकांचं लक्ष तिकडे गेलं. इतक्या मोठ्या माणसाचं काम तीनशे वर्षं पडून राहिलं याचं मला अजून वाईट वाटतं.

याची उलटी बाजूही आहे. १९ फेब्रुवारी १७७१ ला मेसियरने एम ४६ आणि एम ४७ एकाच रात्री नोंदवले, पण एम ४७ ची जागा काढताना अधिक-उण्याचं चिन्ह चुकलं. त्याने सांगितलेल्या जागी काहीच नाही! पुढे एनजीसी या तेजोमेघ, गुच्छ आणि दीर्घिकांच्या मोठ्या यादीत त्या रिकाम्या जागेला २४७८ हा नंबर मिळाला आणि खऱ्या गुच्छाला २४२२, कारण तो विल्यम हर्शेलला वेगळा सापडला होता. ही चिन्हाची चूक १९५९ मध्ये मॉरिस नावाच्या अभ्यासकाने उलगडली, म्हणजे जवळजवळ दोनशे वर्षं एका चिन्हापायी एम ४७ हरवलेला. होदिएर्नानेही तो पाहिला होता आणि १७८३ मध्ये कॅरोलाइननेही.

म्हणूनच कॅरोलाइनबद्दल मी एक शब्दही मागे घेणार नाही. २६ फेब्रुवारी १७८३ च्या रात्री तिने एनजीसी २३६० हा गुच्छ शोधला, भावाने करून दिलेल्या छोट्या दुर्बिणीतून, एकटीने. ऑगस्टमध्ये देवयानी दीर्घिकेची सोबतीण एम ११० पाहिली (मेसियरने ती १७७३ मध्ये पाहिली होती, पण यादीत घेतली नाही आणि तिचं चित्र छापलं १८०७ मध्ये, म्हणजे कॅरोलाइनला ते माहीत असणं शक्यच नव्हतं), सप्टेंबरमध्ये एनजीसी २५३ सारखी मोठी दीर्घिका. विल्यमने पद्धतशीर आकाश धुंडाळायला घेतलं ते यानंतर, त्याच वर्षाच्या अखेरीस. मग तो दुर्बिणीशी आणि ती घड्याळ आणि वही घेऊन खिडकीशी, तो ओरडून सांगणार आणि ती लिहिणार, पुढे सगळा हिशोब आणि स्वच्छ प्रत तिचीच. अडीच हजार नोंदी झाल्या अशा. तुम्ही लेखनिक म्हणता ते हेच काम ना? पण मेसियरसारख्या सराईत माणसाचं एक चिन्ह चुकलं तर काय झालं ते वर लिहिलंच आहे.

एक विनंती. तुमच्याकडे दुर्बीण आहे असं तुम्ही लिहिलंय, तर फेब्रुवारीत चंद्र नसलेल्या रात्री गावाबाहेर जा. हात लांब करून मूठ धरा, व्याधापासून पूर्वेला साधारण एक मूठ आणि थोडं पुढे, किंचित उत्तरेकडे. साध्या बायनॉक्युलरमध्येही एम ४७ चे तारे सुटे दिसतात आणि त्याला अगदी लागूनच पूर्वेला एम ४६ धुरकट. मी गेल्या वर्षी वांगणीहून पाहिले, बराच वेळ डोळा काढवेना. दिसलं की इथे कमेंटमध्ये नक्की लिहा, तारीख आणि जागेसकट.