बंगाली टायपिंग वर्गाच्या एक-स्टार अभिप्रायाला उत्तर

नमस्कार. आपल्या तक्रारी तीन: ‘को’ नीट उमटत नाही, प्रेसने फाइल परत केली, आणि ‘अव्रो’ (रोमन स्पेलिंग टाइप करून बंगाली लिहायचा प्रोग्राम) फुकट मिळत असताना इनस्क्रिप्टसाठी, म्हणजे आम्ही शिकवतो त्या भारतीय लिप्यांच्या प्रमाण कीबोर्डसाठी, फी का भरायची.

आपला हात मराठी डीटीपीतल्या रेमिंग्टनवर, म्हणजे जुन्या टाइपरायटरच्या धर्तीच्या कीबोर्डवर, बसलेला आहे. तिथे पहिली वेलांटी अक्षराच्या आधी दाबतात. इनस्क्रिप्टमध्ये आधी अक्षर, मग स्वरचिन्ह. बंगालीत घोळ जास्त होतो, कारण तिथे ‘के’ची मात्राही अक्षराच्या डावीकडे बसते आणि ‘को’च्या चिन्हाचा एक तुकडा डावीकडे, एक उजवीकडे दिसतो. दिसतं तसं टाइप करायला जाल तर फसाल. इंग्रजी ‘के’ची (K) की दाबा, मग ‘ए’ची (A), दोन्ही तुकडे आपोआप जागेवर जातात. दिसतं त्या क्रमाने ‘एस’, ‘के’, ‘ई’ (S, K, E) असं दाबलंत तर मात्रा ठिपक्यांच्या गोलावर लटकते, नाहीतर मागच्या अक्षराला चिकटते. कीबोर्ड बिघडलेला नसतो. रफार मात्र क्रमाने येतो: ‘कर्म’साठी के, जे, डी, सी (क, र, हलन्त, म).

घरी हे जमलं नाही तर विंडोजमध्ये कोणता कीबोर्ड निवडलाय तेही बघा. बंगालीखाली एकाहून जास्त असतात. नावात इनस्क्रिप्ट असलेलाच घ्यायचा.

आता प्रेस. त्यांनी ‘सुतन्नी एमजे’ (SutonnyMJ) हा बंगाली फॉन्ट मागितला, आपण मजकूर निवडून फॉन्ट बदललात आणि काहीच बदललं नाही. बदलणार नव्हतंच. तो ‘विजय’ (Bijoy) या युनिकोडआधीच्या बंगाली टायपिंग पद्धतीचा जुना फॉन्ट. त्यात बंगाली आकार इंग्रजी अक्षरांच्या जागांवर भरलेले आहेत. इनस्क्रिप्टने टाइप केलेला मजकूर युनिकोडमध्ये असतो, तिथे बंगाली अक्षरांना स्वतःच्या वेगळ्या जागा आहेत; त्या मजकुराला या फॉन्टमध्ये आपलं अक्षर सापडत नाही, म्हणून वर्ड परस्पर दुसरा बंगाली फॉन्ट लावतो. आधी कन्व्हर्टरने मजकूर विजयमध्ये न्यायचा, मग फॉन्ट लावायचा, आणि जोडाक्षरं, रफार, खंड-त (ৎ, बंगालीतला स्वररहित त) नजरेखालून घालायचे. घाण तिथेच राहते. प्रेसला मजकुरात हात घालायचा नसेल तर फॉन्ट एम्बेड केलेली पीडीएफ द्या, भानगडच नको.

अव्रो 2003 पासून फुकट आहे आणि उत्तम आहे. गप्पा, ईमेल यांसाठी आम्हीही तेच सुचवतो. पण आपलं काम हस्तलिखित बघून टाइप करण्याचं. बंगालीत श, ष, स तिन्ही बहुतेकदा ‘श’सारखेच ऐकू येतात, अव्रोत मात्र तिघांचं रोमन स्पेलिंग वेगळं. कागदावरचं अक्षर पाहायचं, मनात रोमन जुळवायचं, मग दाबायचं, यात वेग मरतो. शिवाय इनस्क्रिप्टवर बसलेला हात उद्या युनिकोड मराठीलाही चालेल: क, त, म त्याच कीवर आहेत.

फी परत मिळणार नाही. परत आलेली फाइल पेनड्राइव्हवर घेऊन या, समोर कन्व्हर्ट करून देऊ; त्याचे पैसे नाहीत.